तिकाल: पेतेनच्या जंगलातल्या माया शहरात तीन दिवस

पहिला दिवस: फ्लोरेस

तिकाल, म्हणजे मध्य अमेरिकेतल्या माया लोकांचं प्राचीन शहर, पाहायचं तर मुक्काम फ्लोरेसला टाकावा. पेतेन हा ग्वातेमालाच्या उत्तरेकडचा सखल, जंगलाचा प्रांत. त्यातल्या पेतेन इत्झा तळ्यात फ्लोरेस हे छोटंसं बेट आहे आणि भरावाच्या रस्त्याने ते काठावरच्या सांता एलेना गावाला जोडलेलं आहे. ग्वातेमाला सिटीहून विमान तासाभरात सांता एलेनाला पोचतं, रात्रीच्या बसला आठ ते दहा तास लागतात. बेलीझकडून रस्त्याने येणाऱ्यांनी सीमेवरची रांग धरून पाच-सहा तास हाताशी ठेवावेत. मुंबईहून थेट विमान नाही. अमेरिकेत नुसतं विमान बदलायचं असलं तरी तिथला व्हिसा लागतो. ग्वातेमालाच्या प्रवेशाचे नियम दिल्लीतल्या त्यांच्या दूतावासाकडून निघण्याआधी लेखी विचारून घ्यावेत.

या बेटावरच इत्झा मायांची राजधानी नोहपेतेन होती. स्पॅनिश फौजेने ती घेतली १६९७ साली, म्हणजे मेक्सिकोतली अझ्टेक राजधानी पडल्यानंतर पावणेदोनशे वर्षांनी. माया लोक नवव्या शतकात अचानक नाहीसे झाले, असं अजूनही सर्रास सांगितलं जातं. ते इथे पाऊल ठेवताक्षणीच सोडून द्यावं. मोठी शहरं ओस पडली, माणसं राहिली, आणि आजही ग्वातेमालात लाखो लोक घरात माया भाषा बोलतात.

दुपारी पोचल्यावर पहिलं काम रोख पैशांचं. चलन केत्साल, एका डॉलरला साडेसात ते आठ. बेटावर एटीएम मोजकीच आहेत आणि परदेशी कार्ड नाकारलं जाणं ही रोजची गोष्ट आहे, म्हणून सांता एलेनातल्या बँकेतच पैसे काढावेत. उद्यानात कार्डाच्या भरवशावर राहू नये.

दुसरं काम तिकिटाचं. परदेशी पाहुण्याला दिवसाचं तिकीट १५० केत्साल आहे. सकाळी सहाच्या आधी आत जायचं किंवा संध्याकाळी सहानंतर थांबायचं असेल तर वर १०० केत्सालचं वेगळं तिकीट. दर बदलू शकतात, तेव्हा आदल्या दिवशी खात्री करावी. तिकीट बानरुराल बँकेत किंवा उद्यानाच्या संकेतस्थळावर मिळतं. त्यावर नाव आणि पासपोर्ट क्रमांक असतो, म्हणून दरवाजात पासपोर्ट सोबत हवा. सहलवाले जो दर सांगतात त्यात बहुतेक वेळा प्रवेश तिकीट धरलेलं नसतं. ‘सगळं धरून’ म्हणजे नेमकं काय धरून, हे बुकिंग करतानाच विचारावं.

तिसरं आणि खरं महत्त्वाचं काम गाइड निवडण्याचं. तिकालची देवळं लांबूनही दिसतात, पण या शहराचा जीव पाण्याच्या सोयीत आणि दिवसांच्या हिशोबात आहे, आणि त्या दोन्ही गोष्टी दाखवल्याशिवाय दिसत नाहीत. इंगुआत या सरकारी पर्यटन संस्थेचं ओळखपत्र गाइडच्या गळ्यात असलंच पाहिजे. त्याखेरीज तीन प्रश्न विचारावेत. गटात माणसं किती? दहा-बाराच्या वर गेली की जंगलातल्या अरुंद वाटेवर मागच्यांना ऐकू येत नाही. जुळ्या पिरॅमिडांच्या आवारात थांबणार का? ‘नाही’ म्हणाले तर दुसरा गाइड बघावा, कारण तो भाग गाळणारे फक्त उंच देवळं मोजून दाखवतात. आणि परतताना दुपारची कुठलीही गाडी चालेल का? चालेल म्हणाले तर ते परतीच्या तिकिटावर लिहून घ्यावं, कारण गाइडचं काम संपल्यावरचे दोन-तीन तास एकट्याने हिंडण्यासाठी हवेच असतात.

सूर्योदयाची सहल घ्यावी का, यावर सगळे अडतात. त्या सहलीची गाडी रात्री तीनला निघते, आणि सहाच्या आधी गाइडशिवाय कोणालाही आत सोडत नाहीत. अडचण धुक्याची. रात्रभर जंगलातून वर आलेली वाफ पहाटे थंड होऊन झाडांच्या शेंड्यांवर बसते आणि पुष्कळदा आठपर्यंत हटत नाही. चौथ्या देवळाच्या माथ्यावर लोक तासभर पांढऱ्या पडद्याकडे बघत बसतात. फेब्रुवारी-मार्चमध्ये आकाश निवळ मिळण्याची शक्यता जास्त. एप्रिल-मेमध्ये पेरणीआधी शेतं भाजतात, त्या धुराने क्षितिज मळकट होतं. आमचं मत असं की साडेचारच्या गाडीने निघून सहाला आत शिरावं. झोप थोडी जास्त मिळते, १०० केत्साल वाचतात आणि हाउलर माकडांची डरकाळी वाटेवर तितकीच ऐकू येते.

पिशवीत माणशी तीन लिटर पाणी, पूर्ण बाह्यांचा सुती सदरा, डासांचं औषध, टॉर्च, पावसाळी कोट आणि ओल्या दगडावर पकड धरणारे बूट. इथला चुनखडीचा दगड पावसानंतर शेवाळाने साबणासारखा होतो आणि गुळगुळीत तळव्याची चप्पल घातलेलेच पहिले घसरतात. पँट मोज्यात खोचावी, गवतात गोचिडी असतात. कॅमेरा रात्री एसीच्या खोलीत उघडा ठेवला तर बाहेर पडताच काचेवर पाणी धरतं आणि अर्धा तास फोटो येत नाहीत. तो घट्ट बंद पिशवीत ठेवावा आणि गाडीत बसल्यावरही लगेच बाहेर काढू नये.

शाकाहारी मंडळींनी जेवताना एक गोष्ट विचारावी. काळ्या घेवड्याची घोटलेली उसळ सगळीकडे मिळते, पण ती अनेकदा डुकराच्या चरबीत परतलेली असते. ‘सिन मांतेका’, म्हणजे चरबीशिवाय, असं सांगितलं की साधा शिजवलेला घेवडा मिळतो. सोबत मक्याच्या जाड, हाताएवढ्या तोर्तिया. मका चुन्याच्या पाण्यात शिजवून दळतात, म्हणून त्या तुटत नाहीत. प्यायला लाल अंबाडीच्या बोंडांचं सरबत, ते आपल्या जिभेला लगेच ओळखीचं वाटतं.

दुसरा दिवस: तिकाल

फ्लोरेस ते तिकाल ६४ किलोमीटर, सव्वा ते दीड तास. तळ्याच्या पूर्व टोकाला इश्लूचा फाटा लागतो. सरळ रस्ता बेलीझच्या सीमेकडे जातो, डावीकडचा एल रेमाते गावावरून तिकालला. उद्यानाच्या फाटकापासून अवशेष अजून १७ किलोमीटर आत आहेत. फाटकावर वेळ टाकलेली चिठ्ठी देतात आणि ती आत तपासतात. वेगमर्यादा ताशी ४५ किलोमीटर, तेव्हा वीस-पंचवीस मिनिटांच्या आत पोचलात तर चालकाने गाडी पळवली हे उघड होतं. जग्वार, कोआटी (रॅकूनच्या कुळातला लांब शेपटीचा प्राणी), साप आणि रानटर्की यांच्या चित्रांच्या पाट्या रस्त्याकडेला आहेत. ती जनावरं खरोखरच रस्ता ओलांडतात.

गाडी थांबते तिथलं स्वच्छतागृह वापरून घ्यावं, पुढे सोयी तुरळक आहेत. तिकीट-तपासणी झाली की वाटेवर एक प्रचंड सेइबा उभा आहे. आपण ज्याला पांढरी सावर म्हणतो तोच हा वृक्ष, ग्वातेमालाचा राष्ट्रीय वृक्ष. मुळं पाताळात, खोड या जगात, फांद्या आकाशात अशी मायांची विश्वरचना याच झाडावर बेतलेली आहे. राखाडी खोड कितीतरी उंचीपर्यंत बिनफांदीचं सरळ जातं आणि वर आडव्या फांद्यांवर इतर वनस्पतींची दाटी असते.

इथून बहुतेक लोक सरळ मुख्य चौकाकडे धावतात. तसं न करता उजवीकडची वाट धरावी, म्हणजे दहा-पंधरा मिनिटांत ‘क्यू’ संकुल येतं. मोकळ्या अंगणाच्या पूर्वेला आणि पश्चिमेला एकसारखे दोन पिरॅमिड. त्यांना चारही बाजूंनी पायऱ्या आहेत, पण माथ्यावर देऊळ नाही. दक्षिणेला नऊ दारांची लांबट इमारत, उत्तरेला भिंतीने वेढलेली, वरून उघडी खोली आणि तिच्यात कोरीव उभी शिळा, म्हणजे स्टेला. हे बांधकाम होतं एक कातुन पूर्ण झाल्याच्या सोहळ्यासाठी. कातुन म्हणजे ७,२०० दिवस, वीस वर्षांना थोडे कमी. तिकालच्या राजांनी कित्येक कातुनांना नवं जुळं संकुल उभारलं. शेजारचं ‘आर’ संकुल याच्या पुढच्या कातुनाचं, इसवी सन ७९० चं.

क्यू संकुलातल्या स्टेला २२ पुढे गाइडला दहा मिनिटं थांबवावंच. तिच्यावर राजा याश नून आहीन दुसरा हातातून काहीतरी जमिनीवर सोडताना कोरलेला आहे, आणि चित्रलिपीत तारीख आहे: ९.१७.०.०.०. हिशोब असा. टिंब म्हणजे एक, आडवी दांडी म्हणजे पाच, शून्याला वेगळं चिन्ह. वीस दिवसांचा एक गट, असे अठरा गट मिळून ३६० दिवसांचा तुन. वीस तुनांचा कातुन. वीस कातुनांचा बाकतुन, म्हणजे १,४४,००० दिवस. नऊ बाकतुनांचे १२,९६,००० दिवस आणि सतरा कातुनांचे १,२२,४०० मिळून १४,१८,४०० दिवस झाले. ते इसवी सनपूर्व ३११४ पासून मोजले की येतं इसवी सन ७७१. हे गणित एकदा स्वतः केलं की पुढच्या प्रत्येक शिळेपुढे पाय आपोआप थांबतो. जाताना पश्चिमेच्या पिरॅमिडाकडेही बघावं. पूर्वेचा साफ करून दुरुस्त केला आहे, हा मात्र झाडामातीखालचा ढिगाराच ठेवला आहे. २०१८ साली जाहीर झालेल्या लेझर-सर्वेक्षणात पेतेनच्या जंगलाखाली साठ हजारांहून जास्त बांधकामं दिसली. वाटेवर दिसणारी प्रत्येक टेकडी त्यामुळे संशयाने बघावी.

पुढची वाट मालेर आणि मॉडस्ले या जुन्या उंच रस्त्यांवरून चौथ्या देवळाकडे जाते. वाटेत जाड खोडांवर तिरक्या, एकमेकींना मिळणाऱ्या खाचा खालपासून वरपर्यंत दिसतात. ही चिकूची झाडं. चिक्लेरो म्हणजे डिंक काढणारे कामगार खोडावर अशा खाचा पाडत, पांढरा चीक त्यांतून ओघळत बुंध्याशी बांधलेल्या पिशवीत जमायचा. तो आटवून च्युइंगगमचा कच्चा माल व्हायचा. जखम भरून यायला झाडाला वर्षं लागतात आणि जुन्या खाचांच्या कडा ओठासारख्या जाड झालेल्या हाताला लागतात. जंगल तुडवणाऱ्या या कामगारांमुळेच पेतेनमधले कितीतरी अवशेष संशोधकांना कळले. घोलवड-डहाणूच्या वाड्यांतला चिकू मुळात याच मुलखातला.

चौथं देऊळ सुमारे ६५ मीटर उंच, तिकालमधलं सर्वांत उंच, साधारण इसवी सन ७४१ चं. मूळ पायऱ्यांवर चढू देत नाहीत, बाजूने लाकडी जिना आहे. वर गेल्यावर दाराच्या तुळया बघाव्यात. त्या चिकूच्याच लाकडाच्या. हे लाकूड इतकं टणक आणि कीड न लागणारं आहे की बाराशे वर्षांनंतरही डोक्यावरचं दगडी ओझं पेलतं. इथल्या सर्वांत सुंदर कोरीव तुळया मात्र एकोणिसाव्या शतकात काढून नेल्या गेल्या आणि आज स्वित्झर्लंडमधल्या बासेलच्या संग्रहालयात आहेत. माथ्याचं तोंड पूर्वेला, त्यामुळे सकाळी सूर्य समोर येतो आणि फोटोत देवळांच्या काळ्या आकृत्याच उरतात. तपशील हवा असेल तर दुपारी पुन्हा यावं. माथ्यावरून पहिलं, दुसरं आणि तिसरं देऊळ ओळखता आलं की शहराचा नकाशा डोक्यात बसतो.

खाली उतरून मुंदो पेर्दिदो, तिकालच्या सर्वांत जुन्या भागांपैकी एक. मोठ्या पिरॅमिडाच्या पूर्वेला ओळीने इमारती आहेत. सूर्य वर्षभरात क्षितिजावर कुठे सरकतो, त्याच्याशी अशा मांडणीचा संबंध जोडतात. इथल्या काही चौथऱ्यांची उतरती भिंत आणि तिच्यावरची चौकट मध्य मेक्सिकोतल्या तेओतिवाकानच्या घडणीची आहे. इसवी सन ३७८ च्या जानेवारीत सिया काक नावाचा सरदार तिकडून इथे आला, आणि त्याच दिवशी तिकालचा राजा मरण पावल्याची नोंद शिळांवर आहे. चित्रलिपी वाचता येऊ लागल्यावरच हे कळलं.

साडेनऊ-दहाला मुख्य चौक. पहिलं देऊळ ४७ मीटर, समोरचं दुसरं ३८ मीटर. पहिलं हासाव चान काविलचं. हा राजा गादीवर आला ६८२ साली. त्याआधी कालाकमुल या प्रतिस्पर्धी माया शहराच्या बलाढ्य घराण्याने तिकालला एवढं नमवलं होतं की शंभराहून जास्त वर्षं इथे तारखेची शिळा उभी राहिली नव्हती. ६९५ मध्ये त्याने कालाकमुलचा पराभव केला. पहिल्या देवळाखाली त्याची कबर सापडली, तिच्यात जेडचे दागिने आणि कोरलेली हाडं होती. दुसरं देऊळ त्याच्या राणीशी जोडतात. पहिल्यावर चढायला बंदी आहे, दुसऱ्याला लाकडी जिना आहे. दुरुस्तीप्रमाणे यात बदल होतात, तेव्हा पहारेकऱ्याला विचारावं. पहिल्याचं तोंड पश्चिमेला, दुसऱ्याचं पूर्वेला, म्हणून दुसऱ्याचा फोटो सकाळी आणि पहिल्याचा दुपारनंतर घ्यावा.

चौकाच्या दक्षिणेला राजवाड्यांचा मध्य आक्रोपोलिस, म्हणजे उंचावर बांधलेल्या इमारतींचा समूह, आहे. तिथल्या खोल्यांत शिरून वर बघावं. दोन्ही भिंतींचे दगड थोडे थोडे पुढे सरकवत वर मिळवलेले आहेत. आपल्या कमानीत असतो तसा मधला किल्लीचा दगड त्यांत नाही. त्यामुळे छपराचा भार भिंतींवरच येतो, भिंती जाडजूड होतात आणि खोली रुंद करता येत नाही. बाहेरून एवढी भव्य दिसणारी देवळं आत गल्लीएवढी असण्याचं कारण हेच.

आणि आता पाणी. तिकालजवळ नदी नाही. वर्षाचे चार-पाच महिने पाऊस जवळजवळ पडत नाही, चुनखडीच्या जमिनीत पाणी टिकत नाही. म्हणून चौकांवर चुन्याचा गिलावा केला आणि त्यांना उतार दिला. पाऊस पडला की सगळा चौकच पाणलोट होऊन पाणी तलावांत जायचं. मध्य आक्रोपोलिसच्या मागच्या कडेवरून खाली बघितलं तर झाडांनी भरलेला मोठा खोलगट भाग दिसतो, तो राजवाड्याचा तलाव. गाइड स्वतःहून इथे थांबत नाहीत, त्यांना थांबवावं. २०२० साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनात कोर्रियेंताल नावाच्या तलावात बाहेरून मुद्दाम आणलेलं झिओलाइट हे खनिज आणि स्फटिकवाळू सापडली. म्हणजे पाणी गाळण्याची सोय होती. राजवाड्याच्या आणि देवळाच्या तलावांच्या गाळात मात्र पारा आणि निळं-हिरवं शैवाल यांचे अंश मिळाले. पाऱ्याचा उगम बहुधा इमारती आणि कबरी रंगवणाऱ्या लाल हिंगुळात, म्हणजे पाऱ्याच्या खनिजात, पावसाने धुऊन आलेल्या. ज्या रंगाने देवळं सजवली त्यानेच पाणी नासवलं. नवव्या शतकातल्या अवर्षणांत हा साठा किती उपयोगी पडला असेल, हे त्या कडेवर उभं राहून समजतं. इथली शेवटची तारखेची शिळा ८६९ ची आहे.

मुख्य चौकात गवतामध्ये काळवंडलेली गोल जागा दिसेल. आजचे माया पुजारी तिथे होम करतात, त्यात कोपाल नावाची राळ आणि मेणबत्त्या अर्पण करतात. ती जागा ओलांडू नये, आणि विधी चालू असेल तर विचारल्याशिवाय फोटो काढू नये.

साधारण साडेअकराला गाइडचं काम संपतं. प्रवेशाजवळच्या खाणावळीत जेवून संग्रहालय बघावं. तिथली स्टेला ३१ आणि इसवी सन २९२ ची तारीख असलेली स्टेला २९ पाहिल्यावर सकाळचं गणित पुन्हा करून बघता येतं. मग दोननंतर परत मुख्य चौकात यावं. सहलींची गर्दी ओसरलेली असते. मे ते ऑक्टोबरमध्ये याच वेळी पाऊस येतो, तेव्हा जिन्यांवरून आधीच उतरावं. सहावं देऊळ मेंदेस रस्त्याच्या टोकाला, बरंच लांब आणि एकाकी आहे. तिथे एकट्यादुकट्याने जाऊ नये. कोआटींचे कळप पिशव्या हुंगत येतात, त्यांना खाऊ घालू नये, सवय लागली की ते चावतात. परतीच्या शेवटच्या गाडीची वेळ सकाळी उतरतानाच चालकाकडून वदवून घ्यावी. तिकालमध्ये अडकलेल्या बहुतेकांनी ही वेळ फ्लोरेसच्या खिडकीवर विचारलेली असते, आणि ती ऋतूप्रमाणे बदलते.

तिसरा दिवस: याशहा

सकाळ फ्लोरेसमध्ये आरामात घालवून दुपारी एकच्या सुमारास याशहाला निघावं. साधारण ७० किलोमीटर. बेलीझच्या रस्त्यावरून फाटा फुटतो आणि शेवटचे ११ किलोमीटर कच्चे आहेत. पावसाळ्यात इथे छोट्या गाड्या रुततात, म्हणून सहलवाल्याकडे उंच चाकांची गाडी आहे का ते विचारावं. प्रवेश ८० केत्साल.

तिकालनंतर याशहा बघण्यात अर्थ आहे. इथे एक जुळं पिरॅमिड संकुल आहे, आणि तिकालच्या बाहेर ते क्वचितच आढळतं. दोन राजघराण्यांचा संबंध त्यावरून ओळखता येतो. शिवाय इथे शहर तळ्याच्या काठी आहे, पाण्याचं गणित पार वेगळं. माणसंही खूप कमी. दोन-अडीच तासांत सगळं निवांत होतं आणि शेवटी इमारत २१६ चा लाकडी जिना चढून संध्याकाळी याशहा आणि साकनाब ही दोन्ही तळी एकाच वेळी दिसतात. वरची जागा लहान आहे, म्हणून सूर्यास्ताच्या पाऊण तास आधी पोचावं.

तळ्यात उतरू नये, मगरी आहेत. सूर्यास्तानंतर जिना आणि गाडीपर्यंतची वाट अंधारात असते, तेव्हा प्रत्येकाकडे वेगळा टॉर्च हवा, एका गटात एक पुरत नाही. फ्लोरेसला परतायला रात्रीचे आठ वाजतात. बेलीझला जाणाऱ्यांनी त्याच रात्री सीमा गाठायचा घाट घालू नये. मुक्काम एल रेमातेला करून सकाळी निघावं, बेलीझकडच्या गाड्या इश्लूच्या फाट्यावर मिळतात.